पाण्याचा कायदा : केंद्राचा वाटा व राज्याचा वाटा



नागरिकशास्त्राच्या तासाला फळ्यावर तीन रकाने आखण्याची रीत जुनी आहे : संघसूची, राज्यसूची व समवर्ती सूची. संरक्षण पहिल्यात, शेती दुसऱ्यात, शिक्षण तिसऱ्यात. मुले हे पाठ करतात व प्रकरण संपते. पण एखाद्या चौकस विद्यार्थ्याने ‘गावची नदी घाण झाली, तर ती कोणत्या रकान्यात?’ असे विचारले, की पाठांतर उपयोगी पडत नाही. तिन्ही सूच्यांत ‘पर्यावरण’ हा शब्दच कोठे नाही.

घटनाकारांनी पाणी राज्यसूचीत घातले. सार्वजनिक आरोग्य व स्वच्छता हे विषयही तेथेच गेले. एकाहून अधिक राज्यांतून वाहणाऱ्या नद्यांचे नियमन व विकास मात्र, संसद कायद्याने ठरवील तेवढ्यापुरते, केंद्राकडे राहिले. म्हणून नदीचे प्रदूषण रोखण्याचे पहिले कायदे राज्यांनी केले. ओरिसाने तो १९५३ साली केला. महाराष्ट्राने १९६९ साली केला, व १९७० साली आपले मंडळही स्थापन केले. दिल्लीत असा कायदा होण्यापूर्वीची ही गोष्ट आहे, हे महाराष्ट्रातील विद्यार्थ्यांना अवश्य सांगावे.

पुढे सर्व देशास एकच कायदा असावा, असे वाटू लागले. परंतु राज्यांच्या विषयावर संसदेने कायदा कसा करावा? त्यासाठी घटनेच्या २५२ व्या कलमाचा आधार घेण्यात आला. दोन किंवा अधिक राज्यांच्या विधिमंडळांनी ठराव करून विनंती केली, तर संसदेला त्या राज्यांपुरता कायदा करता येतो. इतर राज्ये नंतर ठराव करून तो स्वीकारू शकतात. सामाईक विहिरीचे वाटेकरी पाळीचा हिशेब एकाच्या हाती सोपवितात, तसाच हा प्रकार होय. मात्र एकदा सोपविलेला हिशेब कोणा एका वाटेकऱ्याला परस्पर बदलता येत नाही. त्या कायद्यात दुरुस्ती करण्याचा अधिकारही मग संसदेकडेच जातो.

बारा राज्यांनी ठराव केले व १९७४ साली जलप्रदूषणाचा केंद्रीय कायदा झाला. त्या बारांत महाराष्ट्र नव्हता. त्याने १९८१ पर्यंत आपल्याच कायद्यावर कारभार चालविला व नंतर केंद्रीय कायदा स्वीकारला. ही पद्धत इतिहासजमा झालेली नाही. २०२४ साली याच कायद्यातील अनेक अपराधांची कैदेची शिक्षा काढून त्या जागी आर्थिक दंड ठेवण्यात आला, तेव्हाही प्रथम हिमाचल प्रदेश व राजस्थान यांचे ठराव घ्यावे लागले.

हवेची कथा निराळी आहे. १९७२ साली स्टॉकहोम येथे भरलेल्या जागतिक परिषदेत भारत सहभागी झाला होता. अशा परिषदेतील निर्णय अमलात आणण्यासाठी कोणत्याही विषयावर कायदा करण्याचा अधिकार २५३ वे कलम संसदेला देते. त्याच आधारे १९८१ चा हवेचा कायदा व, डिसेंबर १९८४ मधील भोपाळच्या भीषण वायुदुर्घटनेनंतर, १९८६ चा पर्यावरण संरक्षण कायदा झाला. यासाठी राज्यांच्या दारी जावे लागले नाही. जंगले व वन्यप्राणी हे विषय तर १९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने समवर्ती सूचीत गेले. शिक्षण हा विषयही त्याच दुरुस्तीने तेथे गेला, ही गोष्ट शिक्षकांच्या ध्यानात राहण्याजोगी आहे.

कायदा केंद्राचा असला, तरी त्याची अंमलबजावणी बहुतांशी राज्याकडे आहे. सल्ला देणे व राज्यांच्या कामात मेळ घालणे हे केंद्रीय मंडळाचे काम. कारखान्याला संमती देणे, तपासणीस जाणे, सांडपाण्याचा नमुना घेणे हे राज्याच्या मंडळाचे काम. या मंडळाला दोन धनी आहेत. राज्य शासन व केंद्रीय मंडळ या दोघांचेही आदेश त्यास बांधून घेतात. ते परस्परविरुद्ध निघाले, तर निर्णय केंद्र सरकार देते. कागदावर ही व्यवस्था चोख आहे. पण राज्यांच्या मंडळांत कित्येक पदे वर्षानुवर्षे रिकामी राहतात, आणि आदेश कितीही आले तरी नदीकाठी जाणारा माणूस नसेल, तर नमुना घेणार कोण? अशा वेळी दिल्ली राज्याकडे बोट दाखविते, राज्य दिल्लीकडे. आणि पाणी मात्र गावातून वाहतच राहते.

गावकरी अशा वेळी बाटलीत सांडपाणी भरून शिक्षकाकडे येतात व अर्ज लिहून मागतात. अर्ज जरूर लिहून द्यावा. परंतु त्या बाटलीला न्यायालयात पुराव्याचे मोल नसते, हे त्यांना समजावून सांगावे. कायद्याप्रमाणे मंडळाच्या अधिकाऱ्याने कारखानदारास सूचना देऊन नमुना घ्यावा लागतो आणि तो मोहोरबंद करावा लागतो. म्हणून अर्जात ‘पाणी तपासा’ एवढेच न लिहिता ‘अधिकाऱ्याने येऊन रीतसर नमुना घ्यावा’ असे लिहावे; पाण्याचा रंग व वास, तारीख व वेळ नमूद करावी.

पिण्याच्या पाण्याची वाट वेगळी. २४ एप्रिल १९९३ पासून अमलात आलेल्या त्र्याहत्तराव्या घटनादुरुस्तीने अकरावी अनुसूची जोडली. पंचायतींकडे सोपविता येतील अशा तिच्यातील २९ विषयांत पिण्याचे पाणीही आहे. २०१९ साली सुरू झालेल्या जल जीवन मिशनमध्ये महाराष्ट्रासाठी केंद्र व राज्य यांचा वाटा निम्मा-निम्मा ठरविण्यात आला. नळाची देखभाल गावाकडे राहिली. विहीर किंवा नळ बिघडला, तर अर्ज ग्रामपंचायतीकडे व जिल्हा परिषदेच्या पाणीपुरवठा विभागाकडे द्यावा. नदीत कारखान्याचे पाणी आले, तर तो प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या उपप्रादेशिक कार्यालयाकडे पाठवावा, व त्याची पोच शाळेच्या नव्हे, ग्रामपंचायतीच्या दप्तरी लावावी.