अरुणाचलचे लोक, त्यांचे देव आणि त्यांची गावकी



कामगार संघटनेचा माणूस वसंत व्याख्यानमालेत उभा राहिला की त्याने काय बोलावे हे श्रोत्यांनी आधीच ठरवलेले असते. महागाई भत्ता, कंत्राटी पद्धत, फार तर नव्या कामगार संहिता. चिटणिसांनी विषय विचारला तेव्हा आम्ही ‘अरुणाचलातील आदिवासींचा धर्म व समाज’ असे लिहून कळविले. त्यावर, विषय लिहिण्यात काही चूक तर झाली नाही ना, असा त्यांचा निरोप आला. चूक झालेली नाही. आमची शाळा सातवीत सुटली. पुढचे शिक्षण नगर वाचनालयाच्या कपाटांनी आणि गेटवरच्या सभांनी केले. त्यामुळे आम्ही पंडित म्हणून बोलत नाही. तीस वर्षे माणसे एकत्र बांधण्याचा धंदा केला, आणि माणसे कशाने एकत्र राहतात व कशाने फुटतात एवढाच आमचा अभ्यास आहे. त्या दृष्टीने पाहू जाता ईशान्य सीमेवरचा हा मुलूख एक मोठी शाळा आहे.

क्षेत्रफळ ८३,७४३ चौरस किलोमीटर, आणि २०११च्या जनगणनेप्रमाणे वस्ती जेमतेम चौदा लाख. एवढ्यात सव्वीस मोठ्या जमाती आणि शंभराहून अधिक पोटजमाती. पूर्वी याला नेफा म्हणत; १९७२मध्ये अरुणाचल प्रदेश हे नाव मिळाले आणि १९८७मध्ये राज्याचा दर्जा. आपल्या पिढीजात कल्पनेत ‘आदिवासी धर्म’ म्हणून एक गाठोडे असते. ते तिकडे पहिल्याच दिवशी सुटते. पश्चिमेला तवांगचे मोंपा महायान बौद्ध. त्यांच्या मठाला तीनशेहून अधिक वर्षे झाली आणि सहावे दलाई लामा १६८३मध्ये त्यांच्याच मुलखात जन्मले. पूर्वेचे खाम्ती आणि सिंगफो हेही बौद्धच, पण थेरवादी, ब्रह्मदेशाच्या वळणाचे. दक्षिणेच्या डोंगरांतील नोक्ते लोकांचा एक प्रमुख आसामातील सत्राच्या गोसाव्याकडून वैष्णव दीक्षा घेऊन नरोत्तम झाला. दिबांगच्या खोऱ्यातील इदू मिश्मी वाघाला माणसाचा सख्खा थोरला भाऊ मानतात, आणि वाघ मारणे त्यांच्यात भाऊ मारण्याइतके घोर पाप. आपल्याकडे वारली वाघोबा पूजतात हे ज्यांना ठाऊक आहे त्यांना याचे नवल वाटणार नाही. आणि लोहित नदीवर परशुराम कुंड आहे. मकरसंक्रांतीला तेथे मोठी जत्रा भरते. चिपळूणच्या मंडळींनी हे लक्षात ठेवावे, परशुराम काही केवळ आपलाच नव्हे!

आज बोलायचे आहे ते मुख्यतः मधल्या पट्ट्यातील लोकांविषयी. आदी, गालो, न्यिशी, आपातानी, तागिन हे सारे आबो तानी या एका मूळपुरुषाचे वंशज समजले जातात. यांपैकी आदी लोकांना पूर्वी बाहेरचे लोक ‘अबोर’ म्हणत. अबोर म्हणजे न जुमानणारे. ज्या माणसांवर सत्ता चालत नाही त्यांना असे नाव देण्याची रीत जुनीच आहे. आम्हांलाही व्यवस्थापनाने पुष्कळ नावे दिली.

२००९ साली गुवाहाटीच्या एका परिषदेनंतर आम्ही दिब्रुगडला गेलो. बोगीबीलचा पूल तेव्हा झालेला नव्हता. फेरीबोटीने ब्रह्मपुत्रा ओलांडली आणि इनर लाइनचा परवाना दाखवून पासीघाटला पोहोचलो. हा परवाना १८७३च्या कायद्याचा. जवळच्या एका आदी गावात एक निवृत्त शिक्षक आमचे यजमान होते. त्यांना आम्ही पहिला प्रश्न मूर्खासारखा विचारला: “गुरुजी, तुमचे देऊळ कोठे?” ते हसले आणि वर बोट केले. दोन्यी म्हणजे सूर्य, ती आई. पोलो म्हणजे चंद्र, तो बाप. त्यांच्यासमोर लपवता येत नाही, दिवसा एक पाहते, रात्री दुसरा पाहतो. म्हणून शपथ त्यांची, साक्ष त्यांची. आम्हांला लगेच आपल्या गावोगावचे दगड आठवले. वीरगळावर आणि जुन्या दानाच्या शिळांवर वरच्या अंगाला चंद्र-सूर्य कोरलेले असतात, ते कशासाठी? चंद्र-सूर्य असेतोवर ते दान आणि ती कीर्ती टिकावी म्हणून. आपण तो दगड विसरलो आणि त्या लोकांनी तो कधी कोरलाच नाही, आठवणीत ठेवला.

आठवण ठेवण्याचे काम मिरीचे. मिरी म्हणजे त्यांचा पुरोहित, पण जातीचा भट नव्हे. ज्याला ते येते तो मिरी. तो आबांग गातो, म्हणजे सृष्टीची उत्पत्ती, जमातीचे प्रवास, सगळे. रात्ररात्र चालणारे ते गाणे जुन्या भाषेत असते आणि तरुणांना त्यातले फार थोडे कळते. लिपी नव्हती. म्हणजे एक म्हातारा मेला की एक ग्रंथालय जळाले असा हिशेब.

न्यायाचे काम केबांगचे. गावातील मोशुप नावाच्या मोठ्या घरात, चुलीभोवती, पुरुषमंडळी बसतात आणि वादाचा निकाल होईपर्यंत बोलतात. दंड मिथुनात भरायचा. मिथुन हे गव्याच्या जातीचे अर्धे रानटी जनावर. ते जंगलात मोकळे चरते. मालकी ओळखायची ती कानाच्या खुणेवरून. केबांगचे वर्णन करताना विद्वान लोक ‘आदिम लोकशाही’ म्हणून फार हळवे होतात. आम्ही गुरुजींना विचारले, बायका कोठे बसतात? परंपरेने नाही बसत, ते म्हणाले, आणि थोडे थांबून म्हणाले, “तुमच्या युनियनच्या कार्यकारिणीत किती आहेत?” आमच्याकडे अकरांत एक होती, आणि ती चहाचा हिशेब ठेवी.

झिरोच्या खोऱ्यातील आपातानींविषयी थोडे अधिक सांगितले पाहिजे, कारण आमच्या धंद्याचा जीव तेथे आहे. हे लोक नांगर न वापरता भातखाचरे इतकी नेटकी करतात की पाहत राहावे, आणि त्याच पाण्यात मासे वाढवतात. शेतावरची मेहनत पाटांग करतो. पाटांग म्हणजे मुलामुलींची टोळी. लहानपणीच ती बांधली जाते आणि एकेका घरच्या शेतावर पाळीपाळीने राबते. आपल्याकडच्या इरजिकीची, सावडीची ही बहीण. फरक असा, की आपल्याकडे इरजिक एका दिवसापुरती. पाटांगात माणूस वाढतो. त्यांच्या म्योको सणात गावांचे तीन गट आळीपाळीने यजमान होतात आणि उरलेले पाहुणे. कोणी कोणाच्या घरी जायचे ती मैत्रीही वारशाने चालत येते. धर्म, शेती आणि सोयरीक यांचे धागे वेगवेगळे काढून दाखवा म्हटले तर ते कापड उसवेल.

पण आम्ही जाहिरात करण्यास उभे नाही. याच आपातानींत वरचा वर्ग आणि खालचा वर्ग असे दोन भेद होते. खालच्याची मुलगी वरच्याने करू नये, आणि गुलामही असत. क्रिस्तोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ या मानववंशशास्त्रज्ञाने १९४४-४५मध्ये तेथे राहून हे सविस्तर लिहिले आहे. देव आकाशात असला म्हणजे समाजात उंचसखल नसते, असे नाही.

आता या प्रकरणाचे महाराष्ट्राशी नाते. १९२७मध्ये व्हेरियर एल्विन नावाचा एक तरुण इंग्रज पाद्री पुण्याच्या ख्रिस्त सेवा संघात आला. पुढे तो गांधीजींच्या सहवासात आला, मंडल्याच्या गोंडांत जाऊन राहिला, पाद्रीपण सोडले, आणि १९५४मध्ये भारताचा नागरिक होऊन नेफाच्या कारभाराचा आदिवासीविषयक सल्लागार झाला. १९५७च्या ‘अ फिलॉसफी फॉर नेफा’ या पुस्तकात त्याने सांगितले, की या लोकांवर बाहेरचे काही लादू नका. त्यांच्या स्वभावधर्माने त्यांना वाढू द्या. पंडित नेहरूंनी ते उचलून धरले. उलट बाजूला आपल्या मालवणचे, मुंबई विद्यापीठाचे डॉ. गो. स. घुर्ये. त्यांनी १९४३मध्येच लिहिले होते, की आदिवासी म्हणजे कोणी निराळे लोक नव्हेत, ते मागास हिंदू होत. त्यांना वेगळे राखणे हे त्यांच्या आणि देशाच्याही हिताचे नाही. हा वाद अजून मिटलेला नाही. आमचे मत विचाराल तर घुर्ये यांना दोन समाजांमधली देवघेव दिसली, जी खरी होती. पण समोरच्याचे नाव आपण ठेवायचे, हा अधिकार त्यांनी कोठून घेतला ते आम्हांला कळलेले नाही. एल्विनने काळजी केली खरी. पण कोणी बदलू नये, असे तरुणांना बाहेरून सांगण्यातही एक प्रकारचे मालकपण असतेच.

बदल तर झालाच. १९७१च्या जनगणनेत ख्रिस्ती शेकडा एकाहूनही कमी होते. २००१मध्ये ते १८.७ झाले आणि २०११मध्ये ३०.२६. ‘इतर धर्म’ या रकान्यातील लोक १९७१मध्ये शेकडा ६३ होते, ते २०११मध्ये २६वर आले. हिंदू २९, बौद्ध ११.७७. मिशनऱ्यांना इनर लाइनमुळे आत मज्जाव असताना हे घडले. आसामच्या शाळांतून शिकून परतलेल्या त्यांच्याच मुलांनी पुष्कळसे घडवले. “आमिष” हा शब्द अशा वेळी आपल्याकडे लगेच निघतो. आम्ही तेथे विचारत फिरलो तेव्हा अनेकांनी निराळा हिशेब सांगितला. घरात आजार आला की मिरी किंवा न्यिबू कोंबडीचे काळीज पाहून कोणत्या आत्म्याचा कोप ते सांगणार. मग कोंबडी, मग डुक्कर, मग मिथुन. माणूस वाचला तर कर्ज, गेला तरी कर्ज. प्रार्थनेला मिथुन लागत नाही, हे एका बाईने आम्हांला सांगितले. तिच्या लग्नात तिची किंमत मिथुनात ठरली होती, हेही तिनेच सांगितले.

याला उत्तर आतूनही आले. तालोम रुक्बो (१९३७–२००१) हे आदी गृहस्थ. जमातीचा ठेवा गाण्यांबरोबर बुडणार हे त्यांनी ओळखले. प्रार्थना लिहून काढल्या, १९८६मध्ये दोन्यी-पोलो येलाम केबांग ही संस्था उभी केली, आणि गांगिंग नावाची प्रार्थनामंदिरे सुरू झाली. तेथे रविवारी लोक जमतात, ओळीने बसतात, सामुदायिक गीते म्हणतात. न्यिशींनी असेच न्येदर नामलो उभारले. टीकाकार म्हणतात, हे तर चर्चचे अनुकरण. असेल. संपाची पद्धतही आम्ही कोठून तरी शिकलोच होतो. आम्हांला मात्र एक गोष्ट खटकली. आकाशाखाली सगळ्यांचा असणारा देव छपराखाली आला, की आत कोण आणि बाहेर कोण, हा प्रश्न दारातच उभा राहतो.

कायदाही दारात उभा आहे. १९७०च्या दशकात काही ठिकाणी धर्मांतरितांवर हल्ले झाले, चर्च जाळली गेली. आणि १९७८मध्ये अरुणाचलाने धर्मस्वातंत्र्याचा कायदा केला. बळाने, फसवून किंवा लालूच दाखवून धर्म बदलविणाऱ्यास दोन वर्षांपर्यंत कैद आणि दहा हजारांपर्यंत दंड. मोंपांचा बौद्ध धर्म, नोक्ते व आका यांचा वैष्णव पंथ आणि दोन्यी-पोलो यांना त्यात ‘देशी श्रद्धा’ म्हटले आहे. पण नियमच केले नाहीत, म्हणून कायदा चार दशकांहून अधिक काळ कागदावर राहिला. सप्टेंबर २०२४मध्ये उच्च न्यायालयाने सहा महिन्यांत नियम पुरे करा असे सांगितले, आणि २०२५च्या आरंभी ख्रिस्ती संघटना हजारोंनी रस्त्यावर आल्या. दुसऱ्या बाजूनेही, आमचे देव राखायचे तर कायदा हवा, असे लोक म्हणतात. दोन्ही बाजूंस एकाच वंशाची, अनेकदा एकाच घरची माणसे आहेत.

ते घर आम्ही पाहिले. आमचे गुरुजी थोरले, दोन्यी-पोलोचे. धाकटा भाऊ बॅप्टिस्ट, दोन घरे पलीकडे. आदी माणसात बळीच्या मांसाचे वाटे नात्याप्रमाणे ठरलेले असतात. वाटा पोहोचला म्हणजे नाते शाबूत. धाकट्याला बळीचे मांस चालत नाही, आणि वाटा परत गेला तर थोरल्याचे नाते तुटते. मग गुरुजींनी काय करावे? सणाच्या आदल्या दिवशी मंत्राशिवाय वेगळे डुक्कर कापायचे, त्यातला धाकट्याचा वाटा, नियमाप्रमाणे जो त्याला येतो तोच तुकडा, पानात बांधून पाठवायचा. सतरा वर्षे असे चालले होते. धर्मात हे बसते काय, असे आम्ही विचारले. ते म्हणाले, “मिरी मला रागावतो. त्याला त्याचा पाद्री रागावतो.”

तेथे आम्हांला आमची एक गोष्ट आठवली. ती कधी व्यासपीठावरून सांगितली नव्हती. आमच्या संघटनेत डोंगराकडच्या तालुक्यातला एक सभासद होता. घरच्यांनी धर्म बदलला म्हणून गावाने त्यांना वाळीत टाकले. पाणी बंद, दळण बंद. सामाजिक बहिष्काराविरुद्धचा २०१६चा कायदा तेव्हा नव्हता. त्याची आई वारली आणि खांदा द्यायला कोणी येईना. तो रात्री आमच्याकडे आला. वीस माणसे पाठवा म्हणाला. कार्यकारिणीत दोन्ही मतांचे लोक होते. संघटना धर्माच्या भानगडीत पडत नाही, असे आम्ही त्याला सांगितले. बहुमत टिकवायचे होते. पुढच्या महिन्यात वेतनकरार होता. त्याने बायको, मेहुणा आणि दोन मुलांना घेऊन आईला माती दिली. वर्गणी तो पुढेही भरत राहिला. सभेला मात्र कधी आला नाही.

गावाहून निघताना गुरुजींच्या धाकट्या भावानेच आम्हांला मोटरसायकलवरून पासीघाटच्या स्टँडवर सोडले. वाटेत त्याने सांगितले, की थोरल्या भावाला ठाऊक नाही, पण त्या वेगळ्या डुकराचे निम्मे पैसे वहिनी दरवर्षी त्याच्याकडूनच नेते.

वेळ संपल्याची खूण अध्यक्षांनी केली आहे. कोणाचे प्रश्न असतील तर आम्ही खाली बसतो. चिठ्ठ्या वर पाठवाव्यात.