जुन्या फिल्मची साक्ष

जुनी फिल्म जपून ठेवावी कशाला, असा प्रश्न पुष्कळदां विचारला जातो. रशियाचा झार दुसरा निकोलस याच्या पदरचे छायाचित्रकार त्याचे समारंभ व सहली फिल्मवर टिपीत. राजवैभव दिसावें हाच हेतु. १९१७ सालीं राज्य गेलें आणि फिल्म ओलसर तळघरांत खराब होऊं लागली. एस्फिर शुब या बाईंनीं अशी सुमारें ६०,००० मीटर फिल्म पाहून तींतील जेमतेम १,५०० मीटर निवडली व १९२७ सालीं 'रोमानोव्ह घराण्याचा पाडाव' हा चित्रपट जुळविला. त्यांत जहाजावर नाचून घामाघूम झालेले बडे लोक दिसतात, आणि लागलीच खंदक खणणारे शेतकरी. गौरवार्थ घेतलेलीं चित्रेंच झारविरुद्ध साक्ष देऊं लागलीं. फिल्म पुढें काय सांगेल, हें ती घेणाऱ्यासहि ठाऊक नसतें. म्हणूनच ती जपावयाची.