तलवारीमागचे सूर



भालजी पेंढारकरांच्या 'मोहित्यांची मंजुळा' (१९६३) आणि 'मराठा तितुका मेळवावा' (१९६४) यांचे संगीतकार 'आनंदघन', म्हणजे आपल्या लताबाई, हे बहुतेकांना ठाऊक आहे. त्याच सुमारास जपानमध्ये मासारू सातो कुरोसावांच्या सामुराईपटांना संगीत देत होते. 'योजिंबो'त (१९६१) त्यांनी चक्क हार्प्सिकॉर्ड हे युरोपी वाद्य वापरलं! धाडसच ते. तरी मला आनंदघनच जवळचे वाटतात. त्यांच्या चाली चार पोरं एकत्र जमली की म्हणता येतात, साथीला नुसती ढोलकी पुरते.

म्हणूनच सांगतो. आपल्या गॅदरिंगमध्ये लढाईच्या प्रवेशाला हल्ली मोबाईलवरचं तयार संगीत लावतात. आवाज दणदणीत, पण पोरांच्या हातात काही नाही. लावणी स्पर्धांनी गाजलेलं आपलं अकलूज. इथं ढोलकीचे जाणकार शोधावे लागत नाहीत. घोड्याच्या टापा घोडेबाजारात पोरांनी ऐकलेल्या असतात, त्या हलगीवर उतरवायला त्यांना किती वेळ लागेल?

पुढच्या वर्षी एक प्रवेश तरी मुलांनी स्वतः वाजवावा. हलग्यांचा खर्च आमची बॅच करील. बाई, परवानगी तेवढी तुम्ही द्या.