अनोळखी फाईलची पारख
(खारघर येथे प्राथमिक शिक्षकांपुढे केलेले भाषण)



जनरल रजिस्टराइतकेच मोलाचे दप्तर आज शाळेच्या संगणकात असते. त्यात मुलांची नावे, जन्मतारखा व पालकांचे दूरध्वनी क्रमांक असतात. म्हणून तेथे येणाऱ्या प्रत्येक अनोळखी फाईलची विचारपूस करणे हे आपले कर्तव्य होय.

दिनांक २७ जून २०१७ रोजी आपल्याच जिल्ह्यातील न्हावा-शेवा बंदरात ‘नॉटपेट्या’ नामक घातक प्रोग्रामामुळे मर्स्क समूहाच्या टर्मिनलचे काम कोलमडले. हा प्रोग्राम प्रथम पसरला तो युक्रेनमधील हिशेबाच्या एका रूढ प्रोग्रामाच्या सुधारित आवृत्तीतून. तात्पर्य, परिचिताकडून आलेली वस्तूही पारखून घ्यावी.

पारख तीन पायऱ्यांनी करावी. पहिली, नावाची. विंडोज फाईलच्या नावाचा शेवट बहुधा लपवते. तो दिसेल अशी योजना करावी. ‘निकाल.पीडीएफ.ईएक्सई’ हा निकाल नव्हे, उघडताच चालू लागणारा प्रोग्राम होय. दुसरी, सहीची. फाईलवर उजवी कळ दाबून ‘प्रॉपर्टीज’मध्ये डिजिटल सही आहे काय व ती कोणाची, हे पाहावे. सही नसणे हा गुन्ह्याचा पुरावा नव्हे; परंतु संशयास ते पुरेसे कारण आहे. तिसरी, ठशाची. विंडोजमधील ‘सर्टयुटिल’ ही आज्ञा फाईलचा ६४ चिन्हांचा ‘शा-२५६’ ठसा काढून देते. फाईलमध्ये एक अक्षर बदलले तरी ठसा पालटतो. निर्मात्याने प्रसिद्ध केलेल्या ठशाशी तो जुळला नाही, तर फाईल उघडू नये.

हाच ठसा ‘व्हायरसटोटल’ या संकेतस्थळावर शोधल्यास अनेक विषाणूरोधक प्रोग्रामांचे मत एकत्र मिळते. मात्र मुलांची माहिती असलेली फाईल तेथे कदापि चढवू नये. चढवलेली फाईल इतरांच्या हाती जाऊ शकते. शोधासाठी केवळ ठसा पुरतो. शिवाय सर्वांनी निर्दोष ठरवलेली फाईलही नवी असल्यास घातक निघू शकते. शंका उरल्यास पाठवणाऱ्यास दूरध्वनीवरून विचारावे व तोवर फाईल उघडू नये.

चुकून उघडलीच, तर प्रथम संगणकाचा इंटरनेटशी व इतर संगणकांशी असलेला संबंध तोडावा आणि जाणकारास बोलवावे. दप्तराची एक प्रत वेगळ्या डिस्कवर काढून ती डिस्क संगणकापासून अलग ठेवावी.

पालकांनी विश्वासाने दिलेली माहिती ही आपल्याकडील ठेव आहे. तिच्या रक्षणासाठी चार मिनिटे खर्ची पडली तर ती सत्कारणीच लागली, असे मी मानतो.