रंग नको, माप दाखवा

एक-दोन ट्रकवर ज्यांचं घर चालतं, अशा गाडीमालकांशी मला आज बोलायचं आहे. कुणाची आयशर असेल, कुणाची टाटाची सोळा-तेरा. कुणी गूळ वाहतं, कुणी दूध, कुणी कोल्हापूरहून आंबा घाट उतरून रत्नागिरीला भाजीपाला नेतं. अशा गाडीचं इंजिन भर हंगामात बसलं की मालकाची झोप उडते. ब्रीदरमधून धूर येतोय, ऑइल रोज ओतावं लागतंय, घाटात गाडी ओढत नाही. मग गाडी उभी राहते आणि हप्ता मात्र थांबत नाही.

अशा वेळी तीन वाटा असतात. गॅरेजमध्ये इंजिन खोलून बांधून घ्यायचं. भंगारात गेलेल्या गाडीचं चालू इंजिन उचलून आणायचं. नाहीतर कारखान्यात पूर्ण खोललेलं, धुतलेलं, मोजलेलं आणि पुन्हा मूळ मापाला आणून बांधलेलं इंजिन आपल्या जुन्या इंजिनाच्या बदल्यात घ्यायचं. टाटा मोटर्सची ‘प्रोलाइफ’ आणि कमिन्सची ‘रिकॉन’ ही नावं या तिसऱ्या वाटेवरची. आज मी मुख्यतः तिच्याबद्दल बोलणार आहे, कारण हल्ली ‘रिकंडिशन’ हा शब्द कशालाही लावला जातो. जुनं इंजिन वरून धुऊन, त्याला चंदेरी रंग मारून, चार नवी गॅस्केटं घालून तेही रिकंडिशन म्हणून विकलं जातं. गरजेला आलेला माणूस रंग बघून पैसे मोजतो.

माझं म्हणणं एवढंच आहे, की इंजिन घेताना रंग बघू नका, मापाचा कागद मागा.

म्हणजे काय मागायचं? उदाहरण म्हणून कमिन्सचं बी मालिकेचं सहा सिलिंडरचं 5.9 लिटर इंजिन घेऊ. आपल्याकडे टाटाच्या कितीतरी गाड्यांत ते बसलेलं आहे. त्याचा मूळ बोअर 102 मिलिमीटरचा आणि स्ट्रोक 120 मिलिमीटरचा. यात बदलायचं लायनर नसतं, बोअर थेट ब्लॉकमध्येच असतो. बोअर झिजतो तो सगळीकडे सारखा नाही. पिस्टन वर जाऊन जिथे वळतो, तिथे वरची रिंग सर्वांत जास्त घासते. म्हणून मोजणारा माणूस बोअर गेज वर, मध्ये आणि खाली धरतो, आणि प्रत्येक ठिकाणी आडवा आणि उभा असा दोनदा धरतो. एका सिलिंडरचे सहा आकडे झाले. सहा सिलिंडरचे छत्तीस. हे छत्तीस आकडे ज्याच्याकडे लिहिलेले आहेत, त्याने इंजिन मोजलं आहे. ज्याच्याकडे ते नाहीत, त्याने नजरेने काम केलं आहे.

क्रँकचंही तसंच. याच इंजिनात क्रँकचे मेन जर्नल 83 मिलिमीटरचे आणि कनेक्टिंग रॉड जिथे बसतात ते 69 मिलिमीटरचे. क्रँक घासून पाव मिलिमीटर कमी केली, की तिला त्या मापाची जास्त जाड मेटल, म्हणजे बेअरिंग, लागते. आपले मिस्त्री त्याला ‘दहाची मेटल’ म्हणतात, अर्धा मिलिमीटर गेला तर ‘वीसची’. घासलेली क्रँक वाईट नसते, नीट घासलेली असेल तर ती आरामात चालते. पण ती कितव्या मापावर आहे हे तुम्हाला ठाऊक हवं, कारण उद्या पुन्हा काम निघालं तर तुमच्या हातात किती माप शिल्लक आहे ते त्यावर ठरतं. क्रँकला तडा आहे का, हे चुंबकाने आणि लोखंडी भुकटीने तपासतात. हेड आणि ब्लॉकच्या पाण्याच्या वाटा बंद करून, आत हवेचा दाब देऊन बुडबुडे येतात का ते बघतात. शेवटी बांधलेलं इंजिन टेस्ट बेडवर चढवून, भार देऊन चालवतात. ऑइलचा दाब, ताकद, पाण्याचं तापमान यांची नोंद होते. त्या नोंदीची प्रत मागा. द्यायला कां कूं झालं, तर तिथून उठा.

हे म्हणताना मला आपल्या स्थानिक कारागिरांवर अन्याय करायचा नाही. कोल्हापूरच्या उद्यमनगरात बोअरिंगचं आणि क्रँक ग्राइंडिंगचं चोख काम करणारे हात आहेत. त्यांच्याकडून इंजिन बांधून घेतलंत तरी मागणी हीच ठेवा. जो मापं लिहून देतो, तो कारखान्यातला असो की शेडमधला, त्याला दोन पैसे जास्त द्यायला माझी अजिबात हरकत नाही.

आता मला ज्याची सर्वांत जास्त कळकळ वाटते ते सांगतो. जुनं इंजिन परत द्यायच्या आधी ते कशाने गेलं हे शोधा. नाहीतर त्याच दुखण्याने नवंही जाईल, आणि वॉरंटीवाला सांगेल की दोष गाडीचा आहे. तो खोटंही बोलत नसेल.

एअर फिल्टरनंतरचा रबरी होज काढा आणि आतून बोट फिरवा. बोटाला माती लागली, तर धूळ थेट इंजिनात जात होती. रिंगा त्यानेच गेल्या, आणि फाटका होज तसाच ठेवलात तर नव्या रिंगाही जातील. ऑइल फिल्टर फेकू नका. तो कापून आतला कागद उलगडा आणि उन्हात धरा. चकाकणारी कुसळं दिसली, तर मेटल सुटलेली आहे आणि तिचा चुरा ऑइल कूलरमध्येही जाऊन बसला आहे. कूलर धुऊन तो चुरा पूर्ण निघेल याची खात्री देता येत नाही, म्हणून तिथे काटकसर करू नका, कूलर नवाच घाला. टर्बो फुटला असेल तर इंटरकूलरमध्ये ऑइल आणि तुकडे असतात. तो साफ केल्याशिवाय नवं इंजिन चालू करणं म्हणजे ते तुकडे त्याला भरवणं. पिस्टनच्या माथ्यावर वितळल्याची खूण असेल तर नोझल तपासा. पंप आणि नोझल दोन्ही बेंचवर लावून सेट करून घ्या.

आणि रेडिएटरमधलं पाणी. आपल्या भागात बोअरवेलचं पाणी सरळ ओततात. ते क्षारांचं पाणी आत पापुद्रे धरतं आणि इंजिन तापतं. ज्या इंजिनांत लायनरला बाहेरून पाणी लागतं, तिथे नुसत्या पाण्याने लायनरला बाहेरच्या अंगाने बारीक खड्डे पडत जातात. कूलंटचा खर्च इंजिनाच्या किमतीपुढे काहीच नाही.

कागदपत्रांचं थोडक्यात. बदली इंजिनाचा ब्लॉक दुसरा असेल, तर त्याचा नंबरही दुसरा. तुमच्या आरसी बुकात जुना नंबर आहे. मोटार वाहन कायदा 1988 चं कलम 52 गाडीतल्या बदलांबाबत आहे. म्हणून इंजिन खाली उतरवण्याआधी आरटीओत विचारा, पक्कं बिल घ्या, नवा नंबर नोंदवून घ्या आणि विमा कंपनीला लेखी कळवा. भंगारातल्या इंजिनाच्या बाबतीत तर त्याचा मूळ मालक कोण हे कळल्याशिवाय हात लावू नका. गाडी प्रदूषणाच्या ज्या बीएस टप्प्याची, इंजिनही त्याच टप्प्याचं हवं. जुनं इंजिन देताना त्याचा फोटो काढा आणि ब्लॉकला तडा निघाला तर किती वजावट होईल ते आधी लिहून घ्या. वॉरंटीत इंजिन उतरवण्या-चढवण्याची मजुरी येते का, हेही विचारा. बहुतेक जण ते विचारत नाहीत.

इंजिन बसलं की लगेच स्टार्टर मारून पेटवू नका. डिझेल बंद ठेवून, थोडं थांबत थांबत, ऑइलचा काटा वर येईपर्यंत फिरवा, मगच चालू करा. आणि नवं आहे म्हणून ते तासन् तास रेसशिवाय उभं ठेवू नका. बोअरला होनिंगने तिरक्या रेघा पाडलेल्या असतात. रिंगा त्यांच्यावर बसायला भार लागतो, रिकामं फिरवत ठेवलं तर बोअर काचेसारखा गुळगुळीत होतो आणि इंजिन ऑइल खायला लागतं. बेताचा माल भरून सपाटीच्या रस्त्याला न्या, एकाच वेगात फार वेळ ठेवू नका. घाट आणि पूर्ण भार नंतर. पहिलं ऑइल लवकर बदला, आणि तोही फिल्टर कापून बघा.