'मृण्मयी' : एका नावाचा विचार
(तेर येथील समाजसंमेलनात केलेले भाषण)



संमेलनाच्या चालकांनी आम्हांस विषयाची मोकळीक दिली आणि आम्ही एका नावाचा विषय निवडला, याचे काहींना नवल वाटेल. शिक्षण, वसतिगृह, लग्नातील खर्च हे विषय दरवर्षी होतात व ते झालेच पाहिजेत. परंतु आपल्या समाजातील नव्या मुलींच्या नावांत 'मृण्मयी' हे नाव अलीकडे पुनःपुन्हा ऐकू येऊ लागले आहे, आणि त्यावरून घरांत वाद होतात हेही आम्हांस ठाऊक आहे. एका घरी तर आजीबाईंनी बारशाच्या दिवशीच हरकत घेतली. "पोरीचं नाव माती ठेवता? आमची उभी हयात मातीत गेली, तेवढं पुरं झालं नाही का?" असे त्या म्हणाल्या. आत्याबाई पाळण्यापाशी थबकल्या, आणि मुलीचे नाव दुसरेच ठेवले गेले. आजीबाईंचा हा प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नाही. म्हणून आज त्याचाच विचार करू.

प्रथम अर्थ पाहू. 'मृद्' म्हणजे माती. तिला 'मय' हा प्रत्यय लागून 'मातीचे बनलेले' असा अर्थ होतो आणि स्त्रीलिंगी 'मयी' होते. हिरण्मयी, चिन्मयी ही याच घडणीची नावे. संस्कृत व्याकरणाच्या काटेकोर दृष्टीने 'मृन्मयी' असे लिहावे लागेल. मराठीत 'मृण्मयी' हेच रूप रूढ झाले आहे व त्यात काही बिघडत नाही. मात्र 'मृणाल' आणि 'मृणालिनी' या नावांशी कित्येक जण त्याची गल्लत करतात, ती करू नये. मृणाल म्हणजे कमळाचा देठ. तो चिखलातून वर येतो इतकेच काय ते नाते.

आता 'मृद्' हा शब्द कोठून आला? जुने वैयाकरण तो 'मृद्' या धातूपासून काढतात. त्या धातूचा अर्थ मळणे, चुरणे, तुडवणे. 'मर्दन' हा आपल्या ओळखीचा शब्द त्याच कुळातला. म्हणजे जी तुडवली जाते ती माती! शेतकऱ्याची माती नांगराखाली येते. पण पायाखाली तुडवून, मळून जिला रूप द्यायचे ती माती आपली. या नावाच्या मुळाशीच आपला व्यवसाय उभा आहे, हे बारशाला जमलेल्यांपैकी किती जणांस माहीत असेल?

हा शब्द फार प्राचीन आहे. ऋग्वेदाच्या सातव्या मंडलात ऋषी वरुणाला विनवितो की, मातीच्या घरात जाण्याची वेळ माझ्यावर इतक्यात येऊ देऊ नकोस. तेथे मातीचे घर म्हणजे मृत्यूनंतरचे घर. आजीबाईंच्या मनातील शंका वेदकाळापासूनची आहे म्हणावयाची! पण त्याच शब्दाची दुसरी बाजू छांदोग्य उपनिषदात आहे. उद्दालक आपल्या मुलाला, श्वेतकेतूला सांगतो की, मातीचा एक गोळा जाणला म्हणजे मातीचे सारे काही जाणले जाते. घट, मडके ही केवळ नावे, खरी ती माती. एवढा मोठा सिद्धान्त सांगताना त्या ज्ञात्याला पहिला दृष्टान्त आठवला तो कुंभारवाड्यातला. आणि कालिदासाच्या रघुवंशात सर्वस्व दान करून बसलेला रघुराजा दारी आलेल्या कौत्साचे स्वागत मातीच्या पात्रात अर्घ्य घेऊन करतो. सोन्याची पात्रे दानात गेली होती, आणि अतिथीचा मान राखण्यास उरले ते मातीचे पात्र.

मुलीचे नाव म्हणून त्याची कीर्ती प्रथम बंगालमध्ये झालेली दिसते. बंकिमचंद्रांच्या 'कपालकुंडला' (१८६६) या कादंबरीत अरण्यात वाढलेल्या नायिकेला सासरी 'मृन्मयी' हे नाव मिळते. रवींद्रनाथांच्या 'समाप्ति' (१८९३) या कथेतील अवखळ, कोणाच्याही धाकात न राहणारी खेडवळ मुलगीही मृन्मयीच. १९६१ साली सत्यजित राय यांनी ती 'तीन कन्या' या चित्रपटात आणली. बंगालमध्ये दुर्गापूजेमुळे हा शब्द घरोघरी ठाऊक आहे. कोलकात्याच्या कुमारटुलीत कुंभार जी घडवतात ती देवी मृन्मयी, आणि प्राणप्रतिष्ठा झाल्यावर ती चिन्मयी, असे तेथे म्हणतात. आमचे म्हणणे एवढेच की, मृन्मयी नसेल तर प्राणप्रतिष्ठा कशाची करणार?

आपल्याकडे गो. नी. दांडेकरांची 'मृण्मयी' ही कादंबरी १९७० साली प्रसिद्ध झाली. पुढल्या पिढीत शिकलेल्या घरांतून हे नाव मुलींना देण्यात येऊ लागले, आणि मृण्मयी देशपांडे, मृण्मयी गोडबोले या अभिनेत्रींमुळे ते आता खेड्यापाड्यांतही पोहोचले आहे. उच्चाराला थोडे अवघड, ऐकायला गोड, आणि अर्थ विचारला तर सांगता येतो. मराठी मध्यमवर्गाला नावात याहून अधिक काय हवे असते? गंमत अशी की, ज्यांच्या सात पिढ्यांनी चाकाला हात लावला नाही त्यांनी हे नाव हौसेने उचलले, आणि ज्यांचे घरच मातीवर चालले त्यांनी ते उचलताना बिचकावे.

तेरच्या भूमीवर उभे राहून तर बिचकण्याचे काहीच कारण नाही. हे गाव म्हणजे प्राचीन तगर. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील ग्रीक प्रवासवृत्तात त्याचा उल्लेख आहे : पैठणच्या पूर्वेस दहा दिवसांच्या वाटेवरील मोठे नगर, जेथून कापड गाड्यांत भरून भडोचच्या बंदराकडे जात असे. तगर म्हणजेच तेर, हे फ्लीट या विद्वानाने १९०१ साली दाखवून दिले. कै. रामलिंगप्पा लामतुरे यांनी गावाच्या परिसरात मिळालेल्या वस्तू आयुष्यभर जपल्या, आणि त्यांच्या संग्रहातून येथील शासकीय वस्तुसंग्रहालय उभे राहिले. पाहुणे तेथे हस्तिदंती स्त्रीमूर्तीची चौकशी करतात, कारण तशीच मूर्ती इटलीतील पॉम्पेईत सापडली. आम्ही मात्र सांगू की मातीच्या मूर्तींपुढे अंमळ अधिक थांबावे. सातवाहनकाळात दोन साच्यांत पांढरी चिकणमाती दाबून घडविलेल्या त्या स्त्रिया पाहा : त्यांची केशरचना, कानांतील कुंडले, ओठांवरचे हसू. राजांची नावे पुसट झाली, कापड कुजून गेले, व्यापाऱ्यांचे सोने कोठल्या कोठे गेले. मातीच्या या लेकी तेवढ्या टिकल्या. त्याच खऱ्या पहिल्या मृण्मयी, आणि त्या तेरच्या आहेत.

आणि गोरोबाकाका! त्यांची कथा येथे सांगावयास नको. संती पाणी आणावयास गेली, काका भजनात रंगून माती तुडवीत राहिले आणि रांगते बाळ त्या चिखलात सापडले. ही कथा आपण भक्तीची म्हणून ऐकतो; घागर घेऊन परत आलेल्या संतीच्या बाजूने ती क्वचितच सांगितली जाते. मातीने या समाजाच्या स्त्रीला काय दिले आणि तिचे काय घेतले, याचा हिशेब आजीबाईंच्या एका वाक्यात आहे. घोड्याची लीद कालवणे, माती चाळणे, आवा रचताना उन्हात उभे राहणे, डोईवर मडकी घेऊन बाजार करणे ही कामे तिची. चाक मात्र पुरुषाचे. पुढे ॲल्युमिनियम आले, प्लास्टिक आले, आणि बाजारातून रांजण-घागरी घरी परत येऊ लागल्या. ज्या बाईने हे सोसले तिला 'माती' हा शब्द गोड कसा लागावा? 'मातीमोल होणे', 'मातीत जाणे' हे वाक्प्रचार तिने अंगावर झेललेले आहेत.

नाव मुलीच्या अंगाला कसे चिकटते हे महाराष्ट्राने पाहिले आहे. साताऱ्यात २०११ साली 'नकुशी' नाव असलेल्या दोनशेंहून अधिक मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली. तेथे नावातच तिरस्कार होता, म्हणून ते टाकणे योग्य झाले. 'मृण्मयी'त तिरस्कार नाही. तो जगाने आपल्या कामावर लादला आणि आपण तो नकळत आत घेतला. आजीबाईंशी आमचा मतभेद आहे तो एवढ्यापुरताच. त्यांच्या कष्टांचा नातीच्या नावात उल्लेख व्हावा, यात त्यांची अवहेलना आम्हांस दिसत नाही.

मात्र नाव ठेवणाऱ्या तरुण आईबापांनाही एक विचारावयाचे आहे. मुलीला मृण्मयी म्हणायचे, आणि चाकाला हात लावू द्यावयाचा नाही, हे कसे? संतांची परीक्षा झाली त्या दिवशी, परंपरा सांगते, काकांच्या घरातील थापटण्याकडे बोट दाखवून "हे काय?" असे विचारले ते लहानग्या मुक्ताबाईने, आणि कच्चे मडके कोणते हे त्यातूनच ठरले. कुमारटुलीत आज स्त्री-मूर्तिकार नावाजल्या आहेत. आपल्याकडे संक्रांतीची सुगडी, नवरात्राचे घट, लग्नातील ऐरणी अजून मातीचीच लागतात. ती घडविणारे हात कमी होत चालले आहेत.

मांडवाच्या उत्तर बाजूस दोन चाके लावून ठेवली आहेत. माती मळलेली आहे. भोजनोत्तर ज्या मुलींना बसावयाचे असेल त्यांनी यावे. नाव मृण्मयीच असले पाहिजे असे नाही. आजीबाईंनी शेजारी बसून हात धरावा, ही विनंती.