कुस्कोची अर्ध्या दिवसाची सहल

आज लांब जाऊ, दक्षिण अमेरिकेतल्या पेरू देशात. कुस्को ही इंका राजांची जुनी राजधानी. तिथून सकाळी स्वस्त सहलीची गाडी निघते, सोबत गाईड, आणि दुपारी परत. भाडं कमी असतं, पण अवशेषांचं तिकीट बहुतेकदा वेगळं. ते आधीच विचारून घ्यावं.

चिंचेरोला इंकांच्या वाड्याच्या दगडी भिंती आजही उभ्या आहेत. पण मला सांगायचंय ते तिथल्या विणकर बायकांबद्दल. गाडी थांबली की त्या एका मुळाच्या फेसात लोकर धुऊन दाखवतात, आपल्या रिठ्यासारखाच फेस. निवडुंगावरचे किडे चुरडले की लालभडक रंग. त्यात लिंबू पिळलं की छटा बदलते. हे दाखवायचे पैसे सहसा कुणी देत नाही. शाल खपली तरच कमाई. आणि पाहुणे तिथेच घासाघीस करतात! कमरेला पट्टा बांधून, तासन्‌तास बसून विणलेली शाल ती. भाव करण्याआधी निदान एवढं विचारावं, ‘बाई, ही तुम्ही विणलीत का?’ कारण यंत्रावरचा मालही तिथे विकतात.

पुढे मोराय, जमिनीत खोल उतरत गेलेल्या शेताच्या गोल पायऱ्या. शेवटी मारासची मिठागरं. खाऱ्या झऱ्याचं पाणी हजारो वाफ्यांत खेळवलेलं, आणि वाफे गावातल्या कुटुंबांचे. इथलंही तिकीट वेगळं. पण ते काढताना मी तरी कुरकुर करणार नाही.